डोळ्यापर्यंत न पोचलेला हात

१२ नोव्हेंबर

सुरतेहून परत. दादा अख्ख्या वाटेत एक शब्द बोलला नाही. एरवी हा माणूस बस थांबेल तिथे ओळखी काढतो, म्हणजे प्रकरण गंभीर आहे.

हर्षाच्या डोळ्यांचा नकाशा काढला. (हर्षा म्हणजे दादाची धाकटी, माझी भाची. मला फुई म्हणते, म्हणजे आत्या. पुढे नुसतं ह.) खराखुरा नकाशा, रंगीत, डोंगर-दऱ्यांचा असतो तसा. उजव्या डोळ्यात मधोमध लाल. आमच्या मिरचीवाल्या घरात लाल रंग दिसला की भाव चांगला येणार असं धरतात. डॉक्टरांकडे हिशेब उलटा.

बुबुळावरची पारदर्शक काच पातळ होऊन पुढे आली आहे म्हणाले. दादाचा चेहरा कोरा. मग त्यांनी सांगितलं, टायरची ट्यूब एका जागी झिजली की तिथे फुगा येतो, तसं. दादाला लगेच समजलं. गप्प झाला तो तेव्हापासून.

"चष्मा बदली टाकू ना, डॉक्टरसाहेब?"

"चष्मेच बदलत आलात तुम्ही आजवर. फुग्याला चष्मा बसत नाही. ही डोळे चोळते का?"

चोळते का. पाळण्यात होती तेव्हापासून चोळते. दोन्ही मुठींनी, पिठाचा गोळा मळावा तशी. जन्माचा थोडा नाजूकपणा असेल, त्यावर ॲलर्जीची खाज, आणि खाजेवर हे मळणं.

हुकूम: चोळणं बंद. कमी नाही, बंद. थेंब, थंड पाण्याची घडी, धुळीपासून लांब. मार्चमध्ये पुन्हा नकाशा. फुगा वाढला असेल तर डोळ्यावर प्रक्रिया करायची. तिने फुगा थांबतो, गेलेली नजर परत येत नाही. वाढला नसेल तर नुसतं लक्ष ठेवायचं.

धुळीपासून लांब म्हणजे पथारीपासून लांब. मिरची वाळत घालायचं आमचं ते उघडं रान. यंदा दादा तिला तिथे स्वतःशेजारी बसवणार होता, माल पारखायला. पोरगी बी.एस्सी. करते आहे ती घरच्यांची समजूत काढायला. तिला पथारीच हवी आहे. दादा मोठ्या मुश्किलीने हो म्हणाला होता.

घरात पाऊल टाकताच दादाने वर्षभरातलं सगळ्यात छोटं भाषण केलं, "पहिले डोया. मंग पथारी. मार्चले देखू."

ह.चा हात वर जायला लागला, मध्येच थांबला. पहिला दिवस.

१३ नोव्हेंबर

विचारलं तिला, नेमकं होतं तरी काय गं?

"फुई, आधी कोपऱ्यात मुंगी चालते. मग बोट जातं. मुंगी मरते, पण बोट थांबत नाही."

"मुंगी मेल्यावर कशाला चोळायचं?"

"बरं वाटतं म्हणून. थंडीत अंगावर गरम पाणी घेतल्यासारखं. सगळं सैल होतं."

डॉक्टरांनीही हेच सांगितलं होतं, जरा कोरड्या भाषेत. चोळलं की पाणी सुटतं, कोरडा डोळा ओला होतो. वर डोळ्यावर दाब पडला की हृदयही जरा सबुरीने घेतं, म्हणून दमलेला माणूस डोळे चोळतो, झोपेला आलेलं बाळ चोळतं. इथवर ठीक. पण खाजेच्या डोळ्यात चोळलं की खाज उठवणारं जे काही आत असतं ते आणखी सुटतं. खाज म्हणून चोळणं, चोळलं म्हणून खाज. एखाद्या अडचणीसाठी समिती नेमावी, समितीने तीच अडचण वाढवावी आणि वर मुदतवाढ मागावी. अशा समित्यांवर मी साप्ताहिकात लिहून लिहून संपादकाला नकोशी झाले. आता एक घरातच निघाली.

१८ नोव्हेंबर

कालपासून मला जिकडेतिकडे डो.चो. (डोळे चोळणारे) दिसताहेत.

स्टाफरूममध्ये पाहणी केली. मुख्याध्यापक चष्मा वर सरकवून दोन बोटांनी डोळ्यांचे आतले कोपरे दाबतात. हे रजेचा अर्ज नाकारण्याआधी. गणिताचे सर तळहाताने चोळतात, पेपर तपासताना, आणि नंतरचे चार पेपर उदार मनाने तपासतात. पी.टी.चे सर उगाच चोळतात. मोबाईलवाले सगळेच, पापणी लवायचं विसरतात, डोळा सुकतो, मग चोळून त्याची आठवण ठेवतात. नववी ब मध्ये माझ्या तासाला अर्धा वर्ग. ती मात्र ॲलर्जी नाही, मी आहे.

लेखाला विषय झकास. शीर्षक नंतर. ह.ला दाखवायचा नाही सध्या.

२६ नोव्हेंबर

पथारीवर मिरची पडली. गच्चीवरून दिसते, गावाबाहेर लाल पट्टा. वारा आला की गल्लीत सगळ्यांच्या नाकाला कळतं. समोरच्या कापड दुकानाच्या सेठाणीकाकी ओट्यावर बसून शिंकतात आणि प्रत्येक शिंकेला आमच्या घराकडे बघतात. पिढ्यान्‌पिढ्यांचा शेजार आहे, म्हणून नुसतं बघतात.

ह. गच्चीवर उभी होती, गॉगल लावून, हात मागे बांधलेले. मी म्हटलं, खाली चल, वारा आहे. म्हणाली, "डावीकडचा पट्टा पातळ पसरलाय बघ. कडेचा माल जळेल. पप्पांना सांग." सांगितलं. दादाने माणसं पाठवून पट्टा सारखा केला आणि मला म्हणाला, "तुले कसं समजनं?" मी म्हटलं, मला मराठी शिकवता येतं, मिरची नाही. त्यावर तो बराच वेळ गच्चीकडे बघत बसला.

३ डिसेंबर

नवीन कायदा. ह.ने स्वतःच केला. "हात वर जाताना मला कळतच नाही, पोचल्यावर कळतं. तुम्ही कुणीही बघितलं की नुसतं 'हात' म्हणा. बाकी भाषण नको." हे शेवटचं माझ्याकडे बघून.

तेव्हापासून घरात दुसरा शब्द नाही. पोळी लाटता लाटता वहिनी, "हात." जिन्यावरून मी, "हात." पल्लवी (मोठी, फेब्रुवारीत लग्न) फोनवर होणाऱ्या नवऱ्याशी गोड बोलता बोलता मध्येच करड्या आवाजात, "हात." त्या बिचाऱ्याने पलीकडे काय समजून घेतलं कुणास ठाऊक. सेठाणीकाकी रस्त्यापलीकडून ओरडतात. दूधवाल्यालाही माहीत झालंय.

मोठ्या माणसाला कुणी येताजाता टोकलं तर तो तिसऱ्या दिवशी भांडतो. मी तर पहिल्याच. ह. प्रत्येक वेळी हात खाली घेते आणि म्हणते, "थँक्यू." दूधवाल्यालासुद्धा.

९ डिसेंबर

काल लिहायचं त्राण नव्हतं.

इकडे लेकरू अंगठा चोखायचं सोडेना की आई त्याच्या अंगठ्याला मिरचीचा देठ चोळते. एकदा जीभ पोळली की सुटतं. वहिनीने दोन्ही पोरींची सवय अशीच मोडली होती. काल दुपारी ह. कॉलेजातून येऊन झोपली, आणि वहिनीला वाटलं, अंगठ्याला चाललं ते बोटांना का चालणार नाही. झोपलेल्या पोरीच्या बोटांना ताज्या मिरचीचा देठ फिरवला. तिच्या मनात एवढंच, की जाग आल्यावर पोर बोट डोळ्याकडे नेईल, नाकाला वास येईल, आणि थांबेल.

झोपेतच हात गेला. झोपेतल्या माणसाला वास कुठला.

ओरडणं मी वरच्या मजल्यावर ऐकलं. दादा आंगणात बादलीने डोळ्यावर पाणी मारत होता, वहिनी भिंतीला टेकून, हातात अजून देठ. रिक्षा. डॉक्टरीणबाईंचा दवाखाना. (या इथल्या, नंदुरबारच्या. सुरतेला यांनीच पाठवलं.)

मला लिहायचं आहे ते रिक्षातलं. बुबुळात जाळ भरला असताना कुठल्याही माणसाने डोळा ओरबाडला असता. मी ओरबाडला असता. ह.ने दोन्ही तळहात स्वतःच्या मांड्यांखाली घातले आणि त्यावर बसली. सगळ्या खड्ड्यांमधून तशीच. डोळे मिटलेले, तोंडावरून पाणी आणि शेंबूड, दात आवळलेले, आणि हात खाली. मला म्हणाली, "फुई, बोल काहीतरी. काहीही." मी, जिची तोंडपाटीलकी जिल्ह्यात माहीत आहे, मला एक वाक्य सुचेना. शेवटी पी.टी.च्या सरांची नक्कल केली. ती त्या अवस्थेत हसली.

डॉक्टरीणबाईंनी डोळे धुऊन धुऊन काढले. वरची काच खरचटली नाही म्हणाल्या, वाचली. मग वहिनीकडे वळल्या: "हे तुम्हा पथारीवाल्यांनाच सुचायचं. दुसऱ्या कुणाच्या घरात औषध म्हणून मिरची निघत नाही."

ह. डोळे मिटूनच म्हणाली, "मॅडम, मम्मीला बोलू नका. बाकी कुणी काही करून तरी बघितलं का?"

१० डिसेंबर

वहिनी जेवत नाही. भाजीला मिरचीची फोडणीही देत नाही, म्हणजे आम्हीही जवळजवळ जेवत नाही.

दादा तिला म्हणाला, "जाऊ दे ना. व्हई गयं." तिने ताट सरकवलं.

संध्याकाळी ह.ने ट्रंकेतून शाळेतल्या नाचाचे घुंगरू काढले. दोन्ही मनगटांना बांधले आणि आईपुढे जाऊन उभी राहिली. "जागेपणी मी बघेन. झोपेतलं माझ्या हातात नाही. वाजलं की तू ये. तुझीच झोप सावध."

वहिनीने घुंगरांकडे बघितलं, पोरीकडे बघितलं. "हाई बांधीसनी झोपशी?"

"झोपसू."

वहिनी उठली आणि फोडणी टाकली. पोरीने आईला शिक्षा द्यायच्या जागी नोकरी दिली. मी पन्नाशी ओलांडली, माणसांवर लिहिण्यात आयुष्य गेलं, मला हे सुचलं नसतं. मला बोचरं काहीतरी सुचलं असतं.

२२ डिसेंबर

घुंगरांबद्दल सेठाणीकाकी: "हमारे यहाँ बकरी पाली है क्या किसीने?" त्यांना समजावलं. दुसऱ्या दिवशी त्यांनीच जुन्या मऊ सुती कापडाचे हातमोजे शिवून दिले, आत कापूस भरलेले. घुंगरू वरून. ह. झोपायला निघते तेव्हा मुष्टियोद्धा आणि नर्तकी यांच्यामधलं काहीतरी दिसते. पालथं झोपणंही बंद, उशीचा दाब नको म्हणून; डोळा चोळायला बोटच लागतं असं नाही, उशीसुद्धा ते काम करते.

वहिनी सकाळी डोळे तांबारलेले घेऊन चहा करते. "आज दोनदाच वाजनं," म्हणते. चेहऱ्यावर असा तोरा की जणू स्वतःच नाचून आली.

५ जानेवारी

ठरवलं, एक दिवस आपणही चोळायचं नाही. बघू काय अवघड आहे.

सकाळचा चहा गाळताना वाफ लागली. चोळला.

प्रयोग समाप्त.

११ जानेवारी

ह. लोणखेड्याच्या कॉलेजला अप-डाउन करते. शहाद्याकडे उसाचं पाचट जाळताहेत, बसच्या खिडकीतून काळी राख येते. ती बंद गॉगल लावून बसते, वेल्डिंगवाल्यासारखा. मागच्या बाकावरची पोरं: "ओ हिरोईन, शूटिंग कोठे शे?"

"लोणखेडाले. येस का? व्हिलन पाहिजे शे."

हे मला कंडक्टरकडून कळलं, तो माझा विद्यार्थी. पोरांनी आता तिच्यासाठी खिडकीची काच लावायचं काम घेतलंय म्हणे.

१९ जानेवारी

आज चोळला.

ह. आपणहून सांगायला वर आली. प्रॅक्टिकल, दिवसभर सूक्ष्मदर्शकात बघणं, बसमध्ये राख, स्टँडवर उतरल्यावर भिंतीकडे तोंड करून दोन्ही मुठींनी. "पोटभर, फुई. काय बरं वाटलं म्हणून सांगू." आणि रडायला लागली.

कुणी बघितलं नव्हतं. आम्ही सगळे पहारेकरी घरी होतो. सांगितलं नसतं तर चाललं असतं.

मी म्हटलं, मग आता? म्हणाली, "आता काय. उद्या परत." थंड पाण्याची घडी डोळ्यावर घेऊन माझ्या पलंगावर पडून राहिली. घडीखालून विचारलं, "मार्चला वाढलेलं निघालं तर पप्पा पथारी पल्लवीच्या नवऱ्याला देतील का?"

मी म्हटलं, त्याला मिरचीची भजीसुद्धा सोसत नाही.

पण प्रश्नाचं उत्तर ते नव्हतं, आणि ते आम्हा दोघींना माहीत होतं.

२८ जानेवारी

दादाचा नवा उद्योग. रोज संध्याकाळी खिशातून मूठभर मिरची आणतो, कागदावर ठेवतो, काही बोलत नाही. ह. हात मागे बांधून वाकते, लांबूनच बघते. उजव्या डोळ्याला दिव्याला शेपटी दिसते म्हणून तो मिटून घेते, डाव्याने बघते.

आज म्हणाली, "ही एक दिवस आधी उचलली. देठाशी ओल शे. पोत्यात काळी पडेल."

दादाने मिरची मोडून बघितली. कागद गुंडाळला. जाताना माझ्या कानाशी, "मन्हा बाप असाच लांबूनच सांगे."

हे तिला सांगायचं सोडून मला काय सांगतो, असं मी मुळीच म्हटलं नाही. म्हटलं.

१६ फेब्रुवारी

पल्लवीचं लग्न पार पडलं. पाय सुजलेत, पण आज लिहिलंच पाहिजे.

मुलगी खापरला दिली. वऱ्हाड तिकडचं, बायका देखण्या आणि जिभेला धार. माझी जात, त्यामुळे मला आवडल्या. निघायची वेळ झाली. इकडे पाठवणीचं रडणं म्हणजे गळ्यात पडून, सूर लावून, सगळ्यांनी. रुमाल, पदर, ओढण्या, जे हाताला येईल ते डोळ्याला. मीही रडले, मला वाटलं त्यापेक्षा जास्त.

ह. गाडीच्या दाराशी उभी. दोन्ही हात पाठीमागे, एका हाताने दुसऱ्याचं मनगट गच्च धरलेलं. डोळे उघडे. पाणी वाहत होतं, गालावरून, हनुवटीवरून, नव्या साडीच्या काठावर. नाकही. ती काही पुसत नव्हती. मी एकदा डोक्यात हिशेब केला: सकाळपासून होमाचा धूर, फुलं, अत्तर, झोप नाही, आणि वर हे रडणं. त्या डोळ्यात खाजेची काय जत्रा भरली असेल. मनगट धरलेली बोटं पांढरी पडली होती.

फोटोवाला पुढे झाला. "ताई, जरा रुमाल घ्या ना डोळ्याला. नॅचरल वाटेल."

ह. म्हणाली, "हाईच नॅचरल शे, भाऊ."

मागून वऱ्हाडातली एक, मुद्दाम ऐकू जाईल अशी: "धाकलीले काही वाटस का नही? डोयाले हात बी नही लावस."

मी वळले. जिभेवर असं वाक्य तयार होतं की खापरपर्यंत ऐकू गेलं असतं. बोलायची वेळ आली नाही. पल्लवी, शालू, मुंडावळ्या, सगळं सांभाळत गाडीतून अर्धी बाहेर आली. आपल्या शालूचं टोक घेऊन तिने ह.चे गाल टिपले. गालच. डोळ्याखाली थांबली, डोळ्याला धक्का लागू दिला नाही. दुसऱ्या गालालाही तसंच. सासरी निघालेली मुलगी काय काय बोलते. ही एकच शब्द बोलली, हसत आणि रडत.

"हात."

ह.ने पाठीमागे मनगट आणखी आवळलं. गाडी गेली.

१७ फेब्रुवारी

काल मुक्कामाला राहिलेल्या पाहुण्या बायकांमध्ये आज सकाळी तीच चर्चा. धाकटी दगडाची आहे. वहिनी लाडवाची परात घेऊन चालली होती, थांबली. ही बाई डिसेंबरपासून धड झोपलेली नाही आणि डॉक्टरीणबाईंच्या त्या बोलण्यापासून चारचौघांत तोंड उघडत नव्हती.

"तुमना समदास्ना रुमाल सुक्का व्हतात," ती म्हणाली. "मन्ही पोरना गाल देखात का कोणी?"

परात पुढे केली. सगळ्यांनी लाडू घेतला. मला इतकं नेमकं लिहिता आलं तर संपादक मानधन वाढवेल.

६ मार्च

संपादकाचा फोन. होळी विशेषासाठी डो.चो. लेख कुठे?

बसले. मुख्याध्यापकांपासून सुरुवात केली, समितीही घातली, छान जमत होतं. मग ह. मध्ये आली. तिच्यावर एक चुरचुरीत परिच्छेद लिहिला, घुंगरू, हातमोजे, वेल्डिंगचा गॉगल. वाचून बघितला. फाडला. थट्टा करायला माणसाचा कुठेतरी एक टवका उडालेला लागतो, तिथे बोट घालायचं. हिच्यात शोधला, सापडेना. म्हणजे आहेत, आळशी आहे, आंघोळीला तास लावते, माझी पुस्तकं परत करत नाही. पण या एका बाबतीत नाही.

संपादकाला सांगितलं, विषय हातात आला नाही. तो म्हणाला, ताई, तुमच्या? धंद्याला बाधा आणणारी पोरगी आहे ही.

१४ मार्च

होळी. ह. दिवसभर दार लावून आत. गल्लीतली पोरं रंग घेऊन आली, दारावरच्या कागदाला लावून गेली. कागदावर तिने स्वतःचा चेहरा काढून ठेवला होता, गॉगलसकट.

पथारीचा हंगाम उतरणीला लागला. दादा म्हणतो, शेवटचा माल राखून ठेवलाय. कशासाठी ते सांगत नाही.

२४ मार्च

विसरवाडी. बस थांबलीय, ड्रायव्हर चहाला. इथेच लिहिते.

रस्त्याचं काम, ट्रक, धूळ अशी की समोरचं हॉटेल दिसेना. दादा खाली उतरला, चार माणसांशी बोलतोय. नोव्हेंबरात घाबरून गप्प झाला होता, आज घाबरून ओळखी काढतोय, मघापासून थांबतच नाही. वहिनी घरी, देवापुढे. ह. खिडकीपासून आतल्या बाजूला, डोळे मिटून, तळहात मांड्यांखाली. रिक्षातल्यासारखीच. खिडकीशी भजीवाला आला. तिच्याकडे बघितलं, मग मला दबक्या आवाजात, "बाई, ताईले दिसत नही का?"

मी तोंड उघडायच्या आत ह. डोळे न उघडता म्हणाली, "दिसस भाऊ. डोया जपी ऱ्हायनू."

त्याने दोन भजी फुकट ठेवली. मिरचीची होती. आम्ही दोघी हसलो.

त्याच दिवशी, सुरत

दवाखान्याच्या बाकावर. नकाशा काढून झाला. डॉक्टर जुना नि नवा शेजारी शेजारी ठेवून बघताहेत. दार अर्धं उघडं.

दादाला राहवेना. पाण्याच्या निमित्ताने उठला, दारातून डोकावून आला.

"लाल शे."

मी म्हटलं, आधीही लालच होता.

"तेच ना. तितलाच शे का जास्त शे, माले समजनं नही." बसला. दहा पोत्यांतलं एक ओलं पोतं लांबून ओळखणारा माणूस, दोन लालांमधला फरक कळत नाही म्हणून गुडघ्यावर हात ठेवून जमिनीकडे बघत बसलाय.

"पप्पा, मी बघितलं असतं तर सांगितलं असतं," ह. म्हणाली. पण तिला आत्ता काही दिसत नाही. मागचा पडदा तपासायला थेंब टाकलेत, बाहुल्या मोठ्या झाल्यात, जवळचं सगळं धूसर. माझा चेहराही नुसता डाग दिसतो म्हणते. चेहरा होता त्याहून बरा दिसत असेल.

दादा थोड्या वेळाने, जमिनीकडेच बघत: "शेवटना माल ठेयेल शे. काहीबी निंघो. तू देखशी, मंग उचलसूत."

डोळ्यात काहीतरी गेलं माझ्या. इथे एसी आहे, धूळ कुठून यायची. हात वर गेला, मला कळलंही नाही.

आणि या पोरीने, जिला माझं नाक कुठे ते दिसत नाही, धूसरातला तो हात ओळखला.

"फुई," म्हणाली. "हात."

खाली घेतला. वाहू दिलं. आत बोलावताहेत